खोली कालच गेली

नोव्हाय, मिशिगन
रविवार, पहाटेचे साडेचार

प्रिय पक्या,

हाताने लिहिलेल्या कागदांचे फोटो एकामागून एक यायला लागल्यावर तुझ्या पोटात गोळा आला असेल, म्हणून आधीच सांगतो, कुणी गेलेलं नाही. साखर आहे, ती काही मला सोडून जात नाही. सुमनचा गुडघा कुरकुरतो. झालं आरोग्य. वहिनींच्या डोळ्याचं ऑपरेशन झाल्याचं ग्रुपवर वाचलं आणि अंगठा टाकला. तू रिटायर झालास, अंगठा. तुझे आबा गेले तेव्हा जोडलेले हात टाकले, म्हणजे दोन अंगठे. चाळीस वर्षं इंजिनिअरिंग करून शेवटी अंगठेबहाद्दर झालो बघ.

फोन करणार होतो. पण फोनवर तू मला बोलू देत नाहीस आणि मी खरं बोलत नाही, त्यामुळे आपलं छान चालतं. हे लिहूनच सांगायला हवं होतं. सुमनला अर्धं माहीत आहे. उरलेलं अर्धं ऐकायला तुझ्याशिवाय दुसरं कुणी नाही.

आमच्या वसाहतीसमोर, रस्त्यापलीकडे, मका व्हायचा तो तुकडा आठवतो? तू आलास तेव्हा तिथं उभा राहून म्हणाला होतास, "गावाचं नावच न्हाय, तिथं मका तरी कसा येतो?" तो विकला गेला. तिथं तीन मजली इमारती येणार आहेत, सगळी भाड्याची घरं, त्यातली काही कमी भाड्याची. महिन्यापूर्वी एका शनिवारी शेजारचे आजोबा पॅडला कागद लावून दारात आले. माणूस सोन्यासारखा. आम्ही पुण्याला आलो की आमच्या दारातला बर्फ न सांगता काढून ठेवतो. म्हणाला, या इमारतींना आपला विरोध आहे, सही कर. केली.

नुसती सही केली असती तर मी तुझी झोपमोड केली नसती. पण तुला माझी खोड माहीत आहे. अर्ज वाचला आणि म्हटलं, "हा गाड्यांचा मुद्दा फार ढोबळ झालाय, आकडे हवेत." मग आकडे कोण काढणार? दोन दिवस सकाळी सात ते नऊ खिडकीत चहा घेऊन बसलो आणि गाड्या मोजल्या. शाळेच्या पटाचा तक्ता केला. आणि शेवटी, कुणी न सांगता, एक वाक्य घातलं: परिसराचं स्वरूप आणि घरांच्या किमती यांचाही विचार व्हावा. सगळ्यांना ते वाक्य फार आवडलं. आता येत्या बुधवारी नियोजन समितीपुढे वसाहतीच्या वतीनं तीन मिनिटं मी बोलायचंय. गॅदरिंगला आभारप्रदर्शन करताना ज्याची पॅंट थरथरत होती तो मी.

आता मधेच तळघर. पाणी उपसायचा पंप बंद पडला आणि खाली घोट्याएवढं पाणी साठलं. केतकीची अ‍ॅन आर्बरच्या कॉलेजातली खोकी जमिनीवरच होती. तिला फोन केला तर म्हणते, "बाबा, टाकून द्या." पुस्तक टाकून दे म्हणणारी मुलगी माझ्या पोटी जन्माला आली, यावर तू काय बोलशील ते मला पाठ आहे, बोलू नकोस. एक जाडं पुस्तक वाचण्यासारखं वाटलं म्हणून सुमनचा हेअर ड्रायर घेऊन पानं वाळवत बसलो. एक पान वाळवायचं, सोडवायचं, उलटायचं. पान वाळायला मिनिटभर लागतो, तेवढ्यात ते वाचून होतं. अशा तीन रात्री गेल्या. इतक्या सावकाश मी आयुष्यात काही वाचलेलं नाही.

लेखक थॉमस सग्रू. तू शिकवलंही असशील, मला कधी सांगितलं नाहीस. 'द ओरिजिन्स ऑफ द अर्बन क्रायसिस', 1996 चं, ज्या वर्षी मी इथं उतरलो. पुढं त्याला बँक्रॉफ्ट पारितोषिक मिळालं, तुमच्या इतिहासवाल्यांत त्याला म्हणे फार मान. पुस्तक आमच्या शेजारच्या डेट्रॉईट शहरावर, माणूसही तिथंच जन्मलेला, 1962 चा, म्हणजे आपल्याच बॅचचा.

मी इथं आल्यापासून एकच गोष्ट ऐकत आलोय. डेट्रॉईट 1967 च्या दंगलीनं बुडालं. 43 माणसं मेली, गोरे घाबरून पळाले, मग काळा महापौर आला, शहर खलास. ऑफिसात डबा खाताना हेच आणि गणपतीत प्रसाद घेताना हेच. पुण्याहून नवीन पोरं येतात त्यांना गाडीतून फिरवताना मीही हेच सांगतो, गाईडसारखा, 1950 साली साडेअठरा लाखांचं शहर आज साडेसहा लाखांच्याही खाली, असं म्हणत पडकी घरं दाखवतो. पोरं फोटो काढतात.

सग्रू म्हणतो, दुखणं वीस वर्षं आधीचं. 1947 ते 1963 या काळात डेट्रॉईटमधल्या कारखान्यांतल्या 1,34,000 नोकऱ्या गेल्या. तेव्हा दंगल नव्हती, काळा महापौर नव्हता, गाड्या तर धडाधड खपत होत्या. 1947 ते 1958 मध्ये तिन्ही मोठ्या मोटार कंपन्यांनी या भागात 25 नवे कारखाने बांधले आणि पंचवीसच्या पंचवीस शहराच्या हद्दीबाहेर. काम बाहेर गेलं. कामामागं गोरा कामगार गेला. काळ्या कामगाराला तिकडं घर विकायला कुणी तयार नव्हतं आणि कर्ज द्यायलाही नाही. तो जिथं होता तिथंच राहिला, बेकार. मग वीस वर्षांनी काचा फुटल्या, आणि सगळ्यांना फक्त काचाच आठवतात.

इथं मी ड्रायर बंद केला. जानेवारी 1982, मेस, तुझं ताट. मी म्हणालो होतो, दत्ता सामंत संप करून गिरण्या बुडवणार. तू म्हणत होतास की मालकांनी कित्येक वर्षं गिरणीत दमडी घातलेली नाही, माल भिवंडीच्या मागांवर चाललाय, संप हे निमित्त होणार. मी म्हणालो, "पुरावा काय?" तुझे आबा लालबागला साच्यावर उभे होते आणि मी तुला पुरावा मागत होतो. तू ताट उचलून पलीकडच्या टेबलावर गेलास. अठरा तारखेला गिरण्या बंद झाल्या आणि वीसला आपलं बोलणं, ते तू होळीला माझ्या डोक्यात रंग ओतलास तोपर्यंत. गिरणी संप म्हणे अधिकृतपणे कधी मागे घेतलाच नाही. माझा मी आज घेतो. पुरावा मिळाला, दुसऱ्याच गावाचा आहे, चालवून घे. (रंगाचे पैसे मात्र तू अजून देणं लागतोस, तो शर्ट माझा नव्हता.)

पण मला झोप येत नाही ती नोकऱ्यांच्या प्रकरणामुळं नाही. ती पुढच्या प्रकरणांमुळं.

1943 ते 1965 या काळात डेट्रॉईटमधल्या गोऱ्या घरमालकांनी निदान 192 संघटना काढल्या. नावं कशी, तर अमुक परिसर सुधारणा मंडळ, तमुक घरमालक हितवर्धक. आपल्याकडच्या पाट्यांसारखीच. काम एकच, काळ्या माणसाला आपल्या गल्लीत घर मिळू द्यायचं नाही. 1942 साली सरकारनं काळ्या कामगारांसाठी घरं बांधली तेव्हा समोर लावलेल्या फलकाचा फोटो प्रसिद्धच आहे: आमच्या गोऱ्या वस्तीत आम्हांला गोरेच भाडेकरू हवेत. वर दोन झेंडे फडफडतायत, अमेरिकेचे. त्या घरांत कुटुंबं शिरली ती पोलीस आणि बंदूकधारी सैनिकांच्या पहाऱ्यात. बाहेर हिटलरशी लढाई चालू होती, बरं का.

ही माणसं कोण, हे वाचल्यावर मी उठून पाणी प्यालो. जमीनदार नव्हेत, कू क्लक्स क्लॅनचे टोपीवाले गुंडही नव्हेत. पोलंडहून, इटलीहून आलेल्यांची मुलं, मोटारीच्या कारखान्यात युनियनचा बिल्ला लावून उभी राहणारी. कारखान्यात काळ्याबरोबर एका झेंड्याखाली संप करायचा आणि संध्याकाळी गल्लीत येऊन त्याच्याविरुद्ध सभा घ्यायची. 1949 ला महापौरपदासाठी युनियननं स्वतःचा माणूस उभा केला तर याच कामगारांनी त्याला पाडून कोबोला निवडून दिलं, कारण कोबो म्हणाला, तुमच्या वस्त्यांत सरकारी घरं येऊ देणार नाही. लाल झेंड्यावाल्या, यावर तुझं काय म्हणणं आहे ते सविस्तर लिही.

आणि त्यांची भाषा! मी शिव्या शोधत होतो. त्याही आहेत. पण पानोपानी आहे ते हे: आम्ही घाम गाळून घर घेतलंय, त्याची किंमत पडेल, शाळेत गर्दी होईल, परिसराचं स्वरूप बदलेल. पक्या, ती सोन्यासारखी माणसं होती. एकमेकांच्या दारातला बर्फ काढत असणार.

माझं वाक्य मी त्यांच्याकडून उचललेलं नाही. मला ते आपणहून सुचलं होतं, तेही इंग्रजीत, एकाही दुरुस्तीशिवाय.

ग्रॉस पॉइंट म्हणून इथं तळ्याकाठी श्रीमंतांचं गाव आहे. तिथं घर घ्यायला आलेल्या माणसाची खाजगी गुप्तहेर लावून चौकशी व्हायची आणि त्याला शंभरपैकी गुण द्यायचे. 1960 ला हे बाहेर फुटलं. बोलण्यात हेल किती, रंग कितपत सावळा, राहणी अमेरिकन वाटते का. पोलिश माणसाला पास व्हायला 55 लागायचे, ज्यूला 85. काळे आणि आशियाई यांना पेपरच द्यायचा नाही, फॉर्म बाद. मी हसत सुटलो, सुमन खाली आली, काय झालं म्हणून. अगं, हे आपल्या वधूवर सूचक मंडळासारखंच आहे, गोरा, निमगोरा, सावळा, म्हटलं. ती हसली नाही.

गेल्या रविवारी भिंत बघून आलो. आमच्या गावाची दक्षिणेची हद्द म्हणजे 'आठ मैल' नावाचा रस्ता. त्याच रस्त्यानं सरळ पूर्वेला गेलं की अर्ध्या तासात बर्वुड रस्ता लागतो. तिथं काळ्यांची जुनी वस्ती होती, आणि शेजारच्या मोकळ्या जागेवर एका बिल्डरला गोऱ्यांसाठी घरं बांधायची होती. सरकारी गृहकर्जाचं खातं म्हणालं, काळ्यांच्या इतकं जवळ? कर्जाला हमी मिळणार नाही. म्हणून 1941 मध्ये त्यानं मधे भिंत घातली, सहा फूट उंच, एक फूट जाड, जवळजवळ अर्धा मैल लांब. भिंत उभी राहिली आणि हमी मिळाली. जमीन तीच, पाणी तेच. इंजिनिअर म्हणून सांगतो, सहा फुटी भिंत काही अडवत नाही, शेळीसुद्धा चढेल. ती कागदावर दाखवण्यापुरती होती.

मी तिच्या शेजारी उभा राहिलो तर टोक माझ्या टाळूच्या वर चार बोटं. परसातून जाते, कुणाचे कचऱ्याचे डबे तिला टेकलेले. मैदानाच्या बाजूला चित्रं रंगवलीयत, त्यात बसमध्ये चढणाऱ्या रोझा पार्क्स आहेत, गोऱ्यासाठी बसमधली जागा सोडायला नकार दिला त्या. त्या अलाबामा सोडून इथं डेट्रॉईटलाच येऊन राहिल्या होत्या, 1957 पासून शेवटपर्यंत. आता भिंतीच्या दोन्ही अंगांना काळीच कुटुंबं राहतात. एक बाई पानं गोळा करत होत्या. मी भिंतीला हात लावून उभा, ते बघून म्हणाल्या, "येतात लोक. फोटो काढतात, जातात." मी खिशातून काढलेला फोन परत ठेवला. मग कोपऱ्यावर वळल्यावर गाडी थांबवून काढलाच.

रोझाबाईंवरून आठवलं. तू आलास तेव्हा तुला डिअरबॉर्नच्या म्युझियममध्ये नेलं होतं. ती खरी बस तिथं आहे आणि आत बसू देतात. तू एका बाकावर बसलास आणि बराच वेळ उठलाच नाहीस. मी दारातून म्हणालो, "चल, मॉल बंद होईल." ज्या डिअरबॉर्नमध्ये ती बस ठेवलीय तिथं 1942 ते 1978 हबर्ड नावाचा एकच महापौर होता आणि काळ्यांना गावात घर मिळू देणार नाही असं तो उघड सांगायचा, हे मला तेव्हा माहीत नव्हतं. असतं तरी मी मॉलचंच बोललो असतो.

आणि हे फक्त जुन्या लोकांचं म्हणू तर तेही नाही. 1974 ला सुप्रीम कोर्टानं 5 विरुद्ध 4 मतांनी ठरवलं की डेट्रॉईटच्या शाळांतली वर्णविभागणी मोडायला उपनगरांच्या शाळा त्यात ओढता येणार नाहीत. हद्द ओलांडली की सुटलात. आम्ही हे घर घेतलं ते शाळा चांगली म्हणून. 2016 ला चार काउंट्यांना जोडणाऱ्या बससाठी कर लावायचा की नाही यावर मतदान झालं, थोडक्यात पडलं, आणि पाडणाऱ्यांत मी होतो. मला बस कशाला हवी? त्याच्या आदल्याच वर्षी पेपरात आलं होतं, डेट्रॉईटचा एक माणूस आमच्याच काउंटीतल्या कारखान्यात कामाला यायला-जायला रोज 21 मैल चालतो, कारण कारखान्याच्या गावानं बससेवेतून अंग काढून घेतलंय. आमच्या गावानंही काढलं होतं. मी ती बातमी मोठ्यानं सुमनला वाचून दाखवली होती, डोळ्यांत पाणी आणून. 2022 ला आमच्या काउंटीपुरता तो कर अखेर पास झाला. त्याचंही श्रेय मला नाही, मतपत्रिका टाकायची राहून गेली.

आता ते, ज्याच्यासाठी बसलो.

1980, जून. सदाशिव पेठ. जिन्याखाली पाटी, 'खोली देणे आहे, चौकशी 10 ते 12, वामकुक्षीच्या वेळी कडी वाजवू नये.' आपण कडी साडेदहाला वाजवली. काका भले होते, पाणी दिलं. मला आडनाव विचारलं, मी सांगितलं. तुला विचारलं, तू सांगितलंस. काकांनी चष्मा काढला, धोतराच्या सोग्यानं पुसला, परत लावला. आणि म्हणाले, "अरेरे, खोली कालच गेली की." रागानं नाही, शिवी नाही. पाटी काढायची राहिली म्हणून माफीसुद्धा मागितली. जिना उतरताना तू म्हणालास, "पाणी गार होतं रे." आपण हॉस्टेलच्या रांगेत उभं राहिलो, तुला नंबर लागला, मला नाही.

पुढच्या रविवारी मी परत गेलो. एकटा. पाटी होती. भाडं साठ रुपये. तुला सांगितलं की मामांच्या ओळखीनं नारायण पेठेत जागा मिळाली. नारायण पेठेत नाही मिळाली, पक्या. तीच खोली. तीन वर्षं मी तिथं राहिलो आणि तू एकदाही आला नाहीस. "लांब पडतं," म्हणायचास. हॉस्टेलपासून सायकलनं दहा मिनिटं.

तुला कधी कळलं ते मी विचारत नाही. चाळीस वर्षं विचारलं नाही, आता काय.

काकांना मी मनात बऱ्याच शिव्या घातल्यात. पण त्यांच्या जागी बसून बघितलं तर त्यांना काय वाटत असेल? परिसराचं स्वरूप. वाड्यातले इतर काय म्हणतील. ते मंडळ नव्हते, एकटे होते, त्यांनी गाड्या मोजल्या नव्हत्या की तक्ता केला नव्हता. मी त्यांच्यापेक्षा चांगला मसुदा लिहितो, एवढाच फरक.

आणि गंमत म्हणजे गाड्या खरोखर जास्त आहेत! ते चौकातलं डावं वळण खरोखर वाईट आहे. माझे आकडे बरोबर आहेत. म्हणजे मी खोटं बोलत नाही, आणि तरी. त्या 192 संघटनांच्या शाळांतही खरंच गर्दी होत असेल की नाही? हे मला सुटत नाही. सुमन म्हणते, "आता ऐनवेळी उलटं बोललात तर या वर्षी बर्फ कोण काढेल? आणि आपल्याला यांनी घेतलंय ते गप्प राहतो म्हणून." केतकीला सांगितलं तर ती एवढंच म्हणाली, "बाबा, मी जन्मले तेव्हा आपण भाड्याच्या अपार्टमेंटमध्येच होतो ना?" होतो. फार्मिंग्टन हिल्सला, चार वर्षं, वरच्या मजल्यावर. आमच्या फोडणीच्या वासाबद्दल कुणीतरी चिठ्ठी लावली होती दाराला. तेव्हा तुला चिडून आठ पानी पत्र लिहिलं होतं मी. तुझ्याकडं असेल तर फाड.

तुझं काय चाललंय? पेन्शनची फाइल हलली का? अनघाचं लग्न ठरलं म्हणे, मुलगा काय करतो, तिला पसंत आहे ना, म्हणजे झालं. बांधाच्या भांडणात भावाला दोन फूट देऊन टाक आणि मोकळा हो. हे मी सांगतोय, हसू नकोस. वहिनींना डोळ्यात थेंब वेळेवर टाकायला सांग, आणि यावेळी खरंच विचारतोय.

समोर बुधवारचा कागद आहे. 'माझं नाव अविनाश, मी इथं पंचवीस वर्षं घर करून राहतो,' इतकं लिहून झालंय. त्याच्याखाली दोन वेगवेगळी दुसरी वाक्यं आहेत, एक या बाजूचं, एक त्या. दोन्ही तीन मिनिटांत बसतात, घड्याळ लावून बघितलं. शेजारच्या आजोबांकडे दिवा लागला आत्ता. तो सकाळी लवकर उठतो.

शिव्या दे, ते आठ पानी पत्र माझ्याच तोंडावर मार, मेसमधल्यासारखं ताट उचलून जा. फक्त अंगठा टाकू नकोस.

तुझा
अव्या

ता. क. ड्रायर जळला. शेवटची चाळीसेक पानं अजून चिकटलेलीच आहेत. सुमनला ड्रायरचं माहीत नाही, ग्रुपवर बोलू नकोस.